बांडगूळ आणि एक निळे फुलपाखरू

गेल्या मार्गशीर्षात आमच्या घरी एका आंब्यावरून वाद झाला. वाद भाऊबंदकीचा नव्हे. तसा असता तर तो या पानावर आणण्याचे धारिष्ट आम्हांस झाले नसते. मूलहून गडचिरोलीकडे जाणाऱ्या रस्त्यावर, सावलीच्या अलीकडे, आमचे वडिलोपार्जित शेत आहे. भोवती धानाची बांधी, पलीकडे मालगुजारी तलाव आणि तलावाच्या पाळीवर हा आंबा. आमच्या आजीने लावलेला. जात रायवळ, परंतु लोणच्यास त्याच्यासारखी कैरी पंचक्रोशीत नाही, असे आमच्या वहिनींचे मत आहे. गेली दोन वर्षे या झाडाने जवळजवळ पाठ फिरवली होती. कारण सांगावयास वनस्पतिशास्त्रज्ञ नको होता. खालून मान वर करून पाहिले, की आंब्याच्या काळसर पर्णसंभारात जागोजागी फिकट, तांबूस झाक असलेल्या निराळ्याच पानांचे झुबके दिसत. ते बांडगूळ होते. आम्ही मोजले तेव्हा झुबके सतरा भरले.

शेताचा कारभार हल्ली थोरल्या बंधूंचे चिरंजीव पाहतात. रात्री जेवताना त्यांनी विषय काढला. "काका, येत्या रविवारी माणूस लावून सगळे साफ करून घेतो. जे स्वतः काही मिळवत नाही आणि दुसऱ्याच्या जिवावर पोसले जाते, ते ठेवायचे कशाला?" वाक्य आंब्यासंबंधी होते. परंतु शाळेतून निवृत्त झाल्यापासून आम्ही बंधूंच्याच घरी राहतो. आमचे स्वतःचे असे मागे कोणी नाही. पंगतीत क्षणभर कोणीच बोलेना. वहिनींनी न मागता आमच्या वाटीत ताक वाढले. मुलाच्या मनात तसे काही नव्हते, हे आम्ही पुरते जाणतो, आणि आमची पेन्शन घरखर्चात जाते हेही खरे. तथापि मराठीत 'बांडगूळ' हा शब्द झाडापेक्षा माणसालाच अधिक वेळा लावला जातो, हे भाषेच्या मास्तराला त्या रात्री नव्याने आठवले.

झोप येईना, म्हणून अमरकोश काढला. वनौषधिवर्गात या वनस्पतीस चार नावे दिली आहेत : वन्दा, वृक्षादनी, वृक्षरुहा आणि जीवन्तिका. यांतले 'वृक्षादनी' हे नाव म्हणजे सरळ आरोपपत्र आहे. अद् म्हणजे खाणे, तेव्हा वृक्षास खाणारी ती वृक्षादनी. 'वृक्षरुहा' हे नाव साक्षीदाराच्या तोंडचे वाटते. वृक्षावर उगवते, एवढेच ते सांगते; बरे की वाईट, याविषयी मौन. आणि 'जीवन्तिका' हे तर कोणा कनवाळू मनुष्याने ठेवले असावे. हेच नाव अमराने गुळवेलीसही दिले आहे, आणि गुळवेलीस घरोघर किती मान आहे, हे वाचकांस सांगावयास नको.

आता या तिघांत खरे कोण? आधुनिक शास्त्र मधली वाट धरते. बांडगुळाची पाने हिरवी असतात, म्हणजे सूर्यप्रकाशाच्या साहाय्याने ते स्वतःचे अन्न स्वतः तयार करते. यजमानाकडून ते घेते मुख्यतः पाणी आणि त्यांत विरघळलेले क्षार. त्यासाठी त्याची मुळे फांदीच्या सालीतून आत शिरून थेट लाकडातल्या पाणवाहिन्यांस भिडतात. पाणी दुसऱ्याचे, स्वयंपाक आपला, अशी ही अर्धी परोपजीविता आहे. आम्ही हे दुसऱ्या दिवशी पुतण्यास मोठ्या उत्साहाने सांगितले. तो म्हणाला, "काका, पण उन्हाळ्यात पाणीच तर नसते." यावर आम्हांस उत्तर सुचले नाही. फांदीच्या टोकास जावयाचे पाणी वाटेतच संपते, बांडगुळापलीकडची फांदी वाळते, आणि सतरा ठिकाणी असे झाले तर आंब्याने मोहर धरावा कसा? आलापल्ली-बल्लारशाकडील जंगल ज्या सागवानासाठी प्रसिद्ध आहे, त्या सागासही हे बांडगूळ सोडत नाही. वनखात्याच्या लोकांस विचारावे.

ते एका झाडावरून दुसऱ्यावर जाते कसे, ही हकीकत मात्र ऐकण्याजोगी आहे. याची फुले लांबट नळीसारखी, नारिंगी. शिंजीर पक्षी मधासाठी चोच घालतो आणि परागकण घेऊन जातो. पुढे फळ धरले, की चिमणीहूनही लहान असा फुलटोच्या येतो. फळातील बी इतक्या चिकट गराने वेढलेले असते, की पोटातून बाहेर पडतानाही ते सुटत नाही. पक्ष्यास आपले अंग फांदीवर घासून ते पुसावे लागते. फांदीवर पुसले, की तेथेच पेरणी झाली! ख्यातनाम पक्षितज्ज्ञ सलीम अली यांनी कोकणातील झाडांवर हा व्यवहार बारकाईने पाहून १९३१ साली मुंबईच्या निसर्ग-इतिहास संस्थेच्या नियतकालिकात प्रसिद्ध केला. तेव्हा आमच्या आंब्यावर बांडगूळ आणणारा चोर कोणी परका नव्हता. रोज सकाळी चिक्-चिक् करीत अंगणात येणारा तोच तो.

येथवर वाचून वाचक म्हणतील, मथळ्यातले फुलपाखरू कोठे आहे? त्यासाठी थोडे मागे जावयास हवे.

१९८४-८५ च्या सुमारास आम्ही वैनगंगेपलीकडे एका शाळेवर होतो. गडचिरोली जिल्हा तेव्हा नुकताच, १९८२ साली, चंद्रपुरातून वेगळा झाला होता. त्या काळी शाळेत फुलपाखरांची पेटी असणे हे भूषण समजत. आम्हीही मुलांकडून फुलपाखरे पकडवून, टाचण्या टोचून, डांबराच्या गोळ्या घालून एक पेटी सजविली. आज ते आम्ही करणार नाही, आणि कोणी करू नये. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने कित्येक फुलपाखरांस संरक्षण दिले आहे. परंतु सांगावयाचे ते वेगळेच. मुलांनी आणलेल्यांत एक जात फार देखणी होती. पंखांची वरची बाजू मोराच्या गळ्यासारखी निळी, पुढल्या पंखाच्या टोकास रुंद काळा पट्टा, आणि मागल्या प्रत्येक पंखास दोन-दोन शेपट्या, एक लांब व एक आखूड, केसासारख्या नाजूक. ही शेपटीवाली निळी पाखरे मुले आणीत, त्यांत पुष्कळांच्या शेपट्या तुटलेल्या असत. मागच्या पंखाचा कोपराच कोणी कात्रीने उडविल्यासारखा. आम्ही ती 'सदोष' म्हणून केरात टाकीत असू आणि मुलांस अधिक काळजीपूर्वक पकडण्याविषयी चार शब्द सुनावीत असू. एक मुलगा म्हणाला होता, "गुरुजी, ते तसंच होतं." आम्ही त्याच्यावर विश्वास ठेवला नाही. तो खरे बोलत होता, हे आम्हांस कळावयास पंचवीस वर्षे लागली.

या फुलपाखरास इंग्रजीत पीकॉक रॉयल म्हणतात. आमच्या घरात त्याचे नाव मोरपंखी पडले आहे. त्याचे शास्त्रीय नाव ताजुरिया सिप्पस. यांतील 'सिप्पस' हे नाव लिनियसचा शिष्य फाब्रिसियस याने १७९८ साली दिले. हा गृहस्थ हिंदुस्थानात कधी आला नव्हता. फ्रेडरिक मूर या इंग्रज शास्त्रज्ञाने १८८१ च्या सुमारास श्रीलंकेतील फुलपाखरांवर ग्रंथ लिहिताना 'ताजुरिया' ही प्रजाती वेगळी काढली. भारत-श्रीलंकेपासून ब्रह्मदेश, मलाया, जावा, फिलिपाईन्सपर्यंत या प्रजातीचे पसरलेले गोत आज तीसच्या वर जातींचे आहे. बहुतेक निळे, शेपटीवाले. महाराष्ट्राने २०१५ साली राज्य-फुलपाखरू म्हणून निवडलेले निलवंत ते हे नव्हे. निलवंत आकाराने कितीतरी मोठे आणि त्यास पुच्छ नाही. मोरपंखी पंख पसरून सुमारे दीड इंच भरते.

अळी काय खाते, ते कळल्याशिवाय फुलपाखरू कळले असे म्हणता येत नाही. हे ज्ञान मिळविण्याचे मोठे काम आपल्या सीमेवरच्या कारवारास झाले. तेथे डेव्हिडसन, बेल आणि एटकेन हे तीन अधिकारी होते. एक मुलकी खात्यात, एक जंगलखात्यात, एक मिठाच्या खात्यात. कचेरीचे काम सांभाळून त्यांनी घरी डबे भरून अळ्या पाळल्या आणि उत्तर कानडा जिल्ह्यातील फुलपाखरांवरील आपला वृत्तान्त १८९६-९७ साली छापला. बेलसाहेबांनी तर पुढे कित्येक वर्षे हेच काम चालविले. सरकारी नोकरीत राहूनही मनुष्य किती करू शकतो, हे पाहून आमच्यासारख्याने मान खाली घालावी. असो. मोरपंखीची अळी बांडगुळाची पाने खाते. ताजुरिया प्रजातीतील बहुतेकांचा आहार हाच, बांडगूळ आणि त्याचे भाऊबंद. म्हणजे आंबा जाईना का, परंतु बांडगूळ गेले, की हे निळे पाखरू त्या शिवारातून गेले. पिवळ्या-तांबड्या पंखांचे 'हळदीकुंकू' नावाचे जे फुलपाखरू आपण सर्वांनी पाहिलेले असते, त्याच्या अळ्याही बांडगुळावरच वाढतात. त्या मात्र एकट्यादुकट्या नसतात, एकत्र कुटुंब करून राहतात.

आता त्या तुटलेल्या शेपट्यांविषयी. मोरपंखी पंख मिटून बसले, की त्याची निळाई दिसेनाशी होते. खालची बाजू फिकट राखी, वर एक बारीक काळसर तुटक रेघ. परंतु मागल्या पंखाच्या शेवटच्या कोपऱ्यात नारिंगी डाग असून त्यांत काळे ठिपके असतात. ठिपके म्हणजे जणू डोळे, आणि त्यांच्यापुढे हलणाऱ्या शेपट्या म्हणजे जणू मिशा. बसल्या बसल्या पाखरू मागचे पंख हळूहळू एकमेकांवर घासते, त्यामुळे या खोट्या मिशा वळवळतात. खरे डोके स्तब्ध असते. सरडा किंवा पक्षी झडप घालतो तो या खोट्या डोक्यावर. त्याच्या तोंडी येतो पंखाचा कोपरा आणि दोन केसांएवढ्या शेपट्या. पाखरू भलत्याच दिशेने उडून जाते. मिटलेल्या पंखांवर चोच बसल्याने बहुधा दोन्ही बाजूंचा सारखाच तुकडा जातो. आम्ही ज्यांस सदोष म्हणून केरात टाकले, त्यांनी एकदा मृत्यूस फसविले होते. पेटीत मानाने बसविलेल्यांची तशी परीक्षाच व्हावयाची राहिली होती.

वाचकांपैकी जे जंगलापासून दूर राहतात, त्यांस हा चमत्कार घरच्या घरी पाहता येईल. वाटाण्याच्या किंवा तुरीच्या शेंगा सोलताना अळी निघाली, की आपल्या घरातील स्त्रिया ती तिरस्काराने दूर टाकतात. तशा अळ्यांपैकी एक पुढे लहानसे जांभळट-निळे फुलपाखरू होते, त्यास दोन्ही अंगांस एक-एक शेपटी व तिच्या मुळाशी दोन काळे ठिपके असतात. ते याच नीलकुळातले. तुरीच्या शेतात फुलोऱ्याच्या दिवसांत उभे राहिले, की ते हमखास दिसते आणि तेही बसल्यावर शेपट्या हालविते.

पेटीविषयी आणखी एक गोष्ट. नोकरी सुटताना ती पेटी कोणास नको होती, म्हणून आम्ही घरी आणली. मुंग्यांनी शरीरे केव्हाच नेली होती. आम्ही हौसेने टाकाच्या शाईने लिहिलेल्या चिठ्ठ्या फिकट होऊन वाचता येईनाशा झाल्या आहेत. तळाशी सुटे पडलेले मोरपंखीचे पंख मात्र काल पडल्यासारखे निळे आहेत. याचे कारण असे, की त्यांत निळा रंग असा नाहीच. पंखावर कौलांसारखे सूक्ष्म खवले बसविलेले असतात. त्यांच्या अंतर्गत रचनेमुळे प्रकाशातला तेवढा निळा भाग परत फिरतो. तोच पंख चिमट्यात धरून खिडकीच्या उजेडाकडे पारदर्शक धरला, तर निळाई जाते आणि तपकिरी पापुद्रा उरतो. जो रंग घातलेलाच नाही तो उडणार कसा? दसऱ्यास आपण ज्याचे दर्शन शुभ मानतो, त्या नीलकंठ पक्ष्याच्या पिसांची निळाईही रचनेचीच. सर चंद्रशेखर वेंकट रामन यांनी १९३४ साली त्यावर लिहिले आहे.

तो रविवार उजाडला. झाडावर चढणारा गडी कोयता कमरेला लावून आला. आमच्या सोबत पुतण्याची दहा वर्षांची कन्या होती. ती आम्हांस धाकटे आजोबा म्हणते. आम्ही गड्यास एक झुबका ठेवता येईल का, असे चाचरत विचारले. तो आमच्याकडे पाहून म्हणाला, "गुरुजी, एक ठेवलं त पुढच्या साली धा होते. फळ धरायच्या आंधीच काढा लागते." शास्त्र त्याच्याच बाजूचे होते. फुलटोच्यास फळ मिळण्यापूर्वी काढले तरच काढण्याचा उपयोग; आणि नुसती पाने ओरबाडून भागत नाही, फांदी बांडगुळाच्या मुळांखालून कापावी लागते. आम्ही गप्प राहिलो. एकेक झुबका धपकन खाली येऊ लागला. प्रत्येक झुबक्याबरोबर आंब्याची हातभर फांदीही जात होती, आणि दादा बांधावर उभे राहून ती मोजत होते. ते झाड आमच्या दोघांच्याही आजीचे.

तेरा झुबके उतरले असतील. इतक्यात मुलगी ओरडली, "धाकटे आजोबा, निळं!" तलावाच्या बाजूस वाकलेल्या, हाताला येईल इतक्या खालच्या फांदीवरच्या झुबक्यावर एक मोरपंखी बसले होते. निळाई जरा फिकट होती, त्यावरून मादी. ती एका पानावरून दुसऱ्यावर चालत जाई, पोटाचे टोक वाकवून पानाच्या देठाशी टेकवी, पुन्हा पुढे सरके. मुलगी दबक्या आवाजात म्हणाली, "हिला शेपट्याच नाहीत." खरोखरच मागला कोपरा साफ गेला होता. एवढे होऊनही ती पानापानाने निवांत चालली होती. ती उडून गेल्यावर आम्ही चष्मा पुसून पाहिले. देठाच्या बेचक्यात मोहरीहून लहान असा पांढरा दाणा होता.

पुतण्या खाली आला, त्याने वाकून तो दाणा पाहिला आणि बराच वेळ काही बोलला नाही. मग गड्यास म्हणाला, "तेवढा राहू दे, महिनाभर." आम्हांकडे वळून म्हणाला, "फळ धरण्यापूर्वी मात्र कापणार, काका. तेव्हा म्हणू नका." आम्ही ते मान्य केले. यापेक्षा न्याय्य मुदत कोणत्या कोर्टानेही दिली नसती.

तो महिनाभर मुलगी दर रविवारी आमच्याबरोबर तलावावर येई. तिसऱ्या खेपेस एक अळी सापडली. बसकी, चपटी, पानावरच्या वाळल्या डागासारखी. आम्ही दोनदा तिच्यावरूनच नजर फिरविली होती. पाचव्या खेपेस काही दिसले नाही. पक्ष्याने नेली की कोषात गेली, हे सांगता येत नाही, आणि मुलीने विचारले तेव्हा आम्ही तिला तेवढेच सांगितले. ठरल्याप्रमाणे पौष वद्यात पुतण्याने तो झुबका स्वतः कापला. कापण्यापूर्वी त्याने एकेक पान उलटून पाहिले, हे आम्ही बांधावरून पाहिले. त्यास ते ठाऊक नाही. कापलेली फांदी त्याने जळणात न टाकता पाळीवरच्या म्हाताऱ्या मोहाच्या बेचक्यात टेकवून ठेवली, कोष असेल तर पाखरू निघून जावे म्हणून.

त्या मोहावरही बांडगूळ आहे, चांगले तीन झुबके. गड्याने विचारले होते, हेही काढू का? तेव्हा दादाच म्हणाले, "मोहाचे राहू दे. त्याला लोणचे घालायचे नाही." चैत्रात भोवतीच्या गावची मंडळी त्याखाली फुले वेचावयास येतात, आणि फुले अद्याप पडतात. या उन्हाळ्यात आंब्याने दोन टोपल्या कैऱ्या दिल्या. पूर्वीच्या मानाने फार नव्हेत, परंतु वहिनींच्या दोन बरण्या भरल्या. मुलीने एक वही केली आहे. तीत मोहावर दिसलेल्या मोरपंखीची तारीख, वेळ आणि शेपट्या किती, असे तीन रकाने आहेत. परवा आम्ही ती चाळली. तिसऱ्या रकान्यात कोठे चार, कोठे दोन, कोठे शून्य असे आकडे आहेत, आणि एका शून्यापुढे कंसात लिहिले आहे, 'तरी उडते'.